लुसी उठली का?

फ्रँकफर्टच्या मराठी मंडळात जेवणाआधीची दहा मिनिटं रिकामी होती, ती सुकन्याला मिळाली. लुसी व्हेरन या शंभर वर्षांपूर्वीच्या फ्रेंच मूकपट-नटीवर ती पीएचडी करत होती. लुसीचं नाव आणखी एखाद्याच्या तरी लक्षात राहावं, एवढीच तिची इच्छा.

तिने लावलेला लुसीचा चित्रपट मुका, त्यामुळे बोलायची जबाबदारी प्रेक्षकांनी उचलली. मालकिणीला चुकवून लुसी कपाटावर चढू लागली, तेव्हा सुकन्याच्या सासूबाई ओरडल्या, "अगं, पडशील!"

लुसी पडली आणि पडदा पांढरा झाला.

"चला, जेवायला!" सेक्रेटरी उल्हासराव म्हणाले.

कोणी हलेना.

"पण ती उठली का?" सासूबाईंनी विचारलं.

"पुढचं रीळ हरवलंय, आई. जगात कुठेच नाही."

"म्हणजे ती तिथे पडलेली आणि आपण श्रीखंड खायचं?"

उल्हासरावांनी केविलवाण्या नजरेनं सुकन्याकडे पाहिलं. पुराव्याशिवाय विधान करायचं नाही, हे प्रोफेसरांनी तिच्याकडून घोटून घेतलं होतं.

"उठली," ती म्हणाली.

"लागलं नाही ना लुसीला?"

नाव ऐकून सुकन्याचा चेहरा खुलला. "थोडंसं. गुडघ्याला."

"हळद लावली असेल कुणीतरी," म्हणत सासूबाई उठल्या आणि त्यांच्यामागे सगळा हॉल.