लंडनच्या बखरीची वाटणी

मित्रांनो, जरा हळू. बोटं कोरडी आहेत ना तेवढं बघा, आणि तो चहाचा कप कृपा करून लांब ठेवा. रागावू नका. मी एक जुनी बखर आहे आणि जन्माची भित्री आहे. पाचशेहून अधिक वर्षं टिकले, ती शूर होते म्हणून नव्हे. दर वेळी कुणीतरी मला वेळेवर उचललं, म्हणून.

माझा जन्म लंडन शहरातला. लिननच्या जुन्या चिंध्या कुजवून, कुटून माझा कागद बनला. लाकडाच्या दोन फळ्यांवर चामडं चढवून मला बांधलं. मला लिहिलं एका कापडाच्या व्यापाऱ्यानं. दिवसा तो लोकरीचे तागे मोजायचा आणि दुकान बंद झालं की हंसाच्या पिसाची लेखणी घेऊन माझ्यासमोर बसायचा.

तेव्हा तिथले बरेच लोक आपल्या शहराच्या बखरी लिहायचे. पद्धत सगळ्यांची सारखी. पानाच्या माथ्यावर त्या वर्षीच्या मेयरचं नाव आणि त्याच्या दोन शेरीफांची, म्हणजे मदतनीस अधिकाऱ्यांची, नावं. ऑक्टोबर संपता संपता नवा मेयर शपथ घ्यायचा आणि आमचं वर्ष तिथून सुरू व्हायचं. मग खाली एकेक हकिगत. ‘याच वर्षी गहू महाग झाला. याच वर्षी पुलावर दोघांची मुंडकी टांगली. याच वर्षी साथ आली.’ वर्षाचा उल्लेख फक्त माथ्यावर. खाली सगळीकडे ‘याच वर्षी, याच वर्षी’.

माझा मालकही घाबरटच होता. राजगादीसाठी दोन घराणी एकमेकांच्या जिवावर उठली होती. आज एक राजा, उद्या दुसरा. गादी पालटली की हा बिचारा चाकू घेऊन यायचा आणि जुन्या राजाच्या नावामागचं ‘महाराज’ खरवडून काढायचा. अहो, काय धडकी भरायची मला! आजही त्या जागी माझा कागद पातळ आहे. शेवटी त्यानं एका नव्या मेयरचं नाव लिहिलं, खाली लिहायला पान कोरं सोडलं, आणि परत आलाच नाही. त्या वर्षीच्या साथीत गेला असावा. ते पान अजून कोरं आहे. तिकडे उघडलं की मला कसंतरीच होतं.

पुढे एका जर्मन व्यापाऱ्यानं मला कलोनला आणलं. तिथून हात बदलत बदलत मी न्युरेम्बर्गच्या एका जुन्या पुस्तकांच्या दुकानात पोचले. मधली वर्षं सांगत नाही. उंदीर, ओल, एकदा तर शेजारच्या कपाटाला लागलेली आग. आठवलं तरी माझी शिवण आवळते. विद्वान लोक यायचे, चाळायचे. कुणी म्हणायचे, “वा, दुर्मीळ!” कुणी नाक मुरडायचे, “हिच्यातलं निम्मं दुसऱ्या बखरीतून उतरवलंय, आणि उरलेल्या बाजारगप्पा.” मी काय बोलणार?

दुकानाचे म्हातारे मालक हेर, म्हणजे श्रीयुत, लिंडनर एकटेच राहायचे. त्यांच्या वरच्या मजल्यावर शरदचंद्र आणि विभावरी हे मराठी जोडपं राहायचं. शरदचंद्र एका कारखान्यात इंजिनिअर होते, आता निवृत्त. हेर लिंडनर आजारी पडले तेव्हा विभावरीकाकू रोज मुगाचं वरण घेऊन खाली यायच्या. शेवटच्या दिवसांत म्हाताऱ्यानं दुकान विकलं, पण मला शरदचंद्रांच्या हातात ठेवलं. “हिला सांभाळा,” एवढंच म्हणाले.

शरदचंद्रांनी मला ‘बखर’ हे नाव दिलं आणि बैठकीच्या खोलीतल्या कपाटात ठेवलं. मराठी मी तिथेच ऐकून ऐकून शिकले. घर प्रेमळ होतं, पण माझ्या जिवाला घोर कमी नव्हते. एका बाजूला देवासमोरची उदबत्ती, दुसऱ्या बाजूला स्वयंपाकघरातल्या कुकरची वाफ. शिट्टी झाली की मी फळ्या मिटून घ्यायचे. तरी सांगते, ते दिवस सुखाचे होते. खरी भीती काय असते ते मला या दिवाळीत कळलं.

झालं असं की शरदचंद्र आणि काकूंनी मोठं घर सोडून लहान घरात जायचं ठरवलं. एका सकाळी शरदचंद्र म्हणाले, “विभा, मी धडधाकट असतानाच वाटणी करून टाकतो. उत्कर्ष आणि मैत्रेयी, दोघांना अगदी समसमान. नंतर कटकट नको.” उत्कर्ष त्यांचा मुलगा, न्युरेम्बर्गातच सॉफ्टवेअरच्या कामात. मैत्रेयी मुलगी, ती डार्मश्टाटला उपग्रहांच्या कामात. चांदीची भांडी समसमान झाली. पितळेच्या समया दोन होत्या, सुटल्या. चित्रं, गालिचे, सगळं झालं. मग त्यांची नजर माझ्यावर आली.

“ही एकच आहे,” ते म्हणाले.

मित्रांनो, त्या तीन शब्दांनी माझ्या काळजाचं पाणी पाणी झालं.

“अहो, कुणातरी एकाला द्या ना,” काकू म्हणाल्या.

“आणि दुसऱ्याच्या मनात अढी बसली तर? नाही. पानं सुटी करायची. निम्मी याला, निम्मी तिला. छान फ्रेम करून भिंतीवर लावतील. कपाटात पडून कोण बघतंय हिला?”

मी मनातल्या मनात किंचाळले. पुस्तकाची किंचाळी कुणाला ऐकू येत नाही हे आमचं दुर्दैव. आणि गंमत बघा, या माणसाचा मला रागही येईना. रागावलेला माणूस चाकू घेऊन आला तर निदान शिव्या तरी देता येतात. हा तर मायेनं आला होता.

फ्रेमवाल्याची टर्मिन, म्हणजे भेटीची वेळ, दिवाळीनंतरच्या सोमवारी मिळाली. माप घ्यायला त्यानं नमुन्याचं एक पान आणायला सांगितलं. शरदचंद्रांनी टेबल पुसलं, चष्मा चढवला, स्टीलची पट्टी माझ्या पानावर दाबली आणि कटरचं पातं बाहेर काढलं. पातं थंडगार होतं. इंजिनिअरचा हात, जराही थरथरला नाही. सर्र! एक पान माझ्यापासून वेगळं झालं. दुखलं का, असं विचाराल. दुखण्यापेक्षा वाईट वाटलं. समोर टेबलावर प्लास्टिकच्या पाकिटात माझंच पान पडलं होतं आणि मी त्याला हाक मारू शकत नव्हते. आता सोमवारी सगळ्यांची पाळी.

रविवारी फराळाला सगळे जमले. उत्कर्ष आला, मैत्रेयी आली. बॉनहून ईप्सिताही आली. ईप्सिता म्हणजे काकूंच्या बहिणीची मुलगी. ती बॉनच्या विद्यापीठात मध्ययुगाच्या इतिहासावर पीएचडी करते. चकलीचं ताट हातात घेऊन ती टेबलाशी आली आणि जागीच थबकली. तिनं ताट खाली ठेवलं आणि साबणानं हात धुवून आली. तेवढ्यानंच मला रडू आलं.

“काका, हे पान... आपणच कापलंत?”

“हो. बघ, एक रेघ वाकडी नाही,” शरदचंद्र कौतुकानं म्हणाले आणि वाटणीचा बेत सांगितला.

“हो, पण आयडिया छान आहे,” उत्कर्ष म्हणाला. “नाहीतरी स्कॅन करून ठेवू की सगळं. मजकूर कुठे जातोय?”

ईप्सिता घाबरली होती. मला दिसत होतं. मोठ्यांना कसं सांगायचं, तेही दिवाळीच्या दिवशी, हे तिला समजत नव्हतं. शेवटी ती एवढंच म्हणाली, “काका, मी हे पान वाचून दाखवू?”

सगळे बसले. ती जुनी इंग्रजी अक्षरं लावत लावत मराठीत सांगू लागली. “याच वर्षी नदी गोठली आणि माणसं चालत पलीकडे गेली. याच वर्षी रात्री आरोळी उठली की शत्रूचं सैन्य वेशीशी आलं, आणि लोकांनी दारांना टेबलं लावली. सकाळी कळलं, सैन्य नव्हतं, गुरांचा कळप होता. याच वर्षी माझी मुलगी तापातून उठली.”

“अरे वा,” मैत्रेयी म्हणाली. “म्हणजे राजाबिजा सोडून स्वतःच्या मुलीचंही लिहिलंय?”

“हेच तर,” ईप्सिता म्हणाली. “नदीचं त्यानं दुसरीकडून उतरवलं असेल. पण गुरांची गोष्ट मी आजवर कुठल्याच बखरीत वाचली नाही. दरबारच्या कागदांत हुकूम सापडतात. लोक कशाला भीत होते, ते इथे सापडतं. आपल्याकडच्या बखरींसारखंच. सगळं खरं मानायचं नाही, पण फेकूनही द्यायचं नाही.”

“कुठल्या वर्षीची गोष्ट ही?” शरदचंद्रांनी विचारलं.

ईप्सितानं पान उलटून दाखवलं. “ते या पानावर नाही, काका. मेयरचं नाव आधीच्या पानावर आहे, आतमध्ये. ही दोन पानं वेगळ्या घरी गेली की ‘याच वर्षी’ म्हणजे कुठल्या, ते कुणाला सांगता येणार नाही. नदी तर कित्येकदा गोठली.”

“पण स्कॅन असेल ना,” उत्कर्ष म्हणाला.

“असेल, दादा. तुझ्या आजच्या लॅपटॉपवर. पन्नास वर्षांनी भिंतीवरचं पान बघणाऱ्याला तो स्कॅन कुठे सापडणार?”

“गेनाऊ, अगदी बरोबर,” मैत्रेयी हळूच म्हणाली.

शरदचंद्र उठले आणि आतल्या खोलीत गेले. मला वाटलं, संपलं, रागावले, आता कटर आणणार. पण ते एक खाकी पाकीट घेऊन आले. त्यातून जुने फोटो काढून त्यांनी टेबलावर पसरले. सगळ्यांत वर एक होता, नऊवारीतली तरुण बाई, मांडीवर टकलू बाळ.

“मिरजेचं घर विकलं, तेव्हा मी आणि आत्मारामनं वाटणी केली,” ते म्हणाले. आत्माराम म्हणजे त्यांचा धाकटा भाऊ. “अल्बम एकच होता. मीच म्हणालो, फोटो काढून घेऊ, समसमान. नावं खालच्या काळ्या पानांवर आईनं पांढऱ्या शाईनं लिहिली होती. फोटो सोलताना ती कोण बघतो? काळी पानं त्याच्याकडेच राहिली. आता बघ. ही बाई कोण, मला माहीत नाही. इतकी वर्षं जपून ठेवलीय, आणि कोण ते माहीत नाही.”

“मग काकाला विचारायचं ना, बाबा,” उत्कर्ष म्हणाला. “भांडण झालं होतं का तुमचं?”

“भांडण? छे रे. झालं असतं तर मिटवायला तरी गेलो असतो. वाटणी इतकी चोख झाली की पुन्हा भेटायला कारणच उरलं नाही.” त्यांनी दोघांकडे पाहिलं. “तुम्हा दोघांचं तसं होईल, याचीच तर भीती वाटते मला.”

मग मैत्रेयीनं बापाचा हात धरला. “बाबा, मला पान नकोय. मला ही अख्खी हवीय आणि ती दादाचीही असू दे.”

“माझंही तेच,” उत्कर्ष म्हणाला. “आल्झो, मग सोमवारची टर्मिन कॅन्सल.”

मी सुटकेचा श्वास सोडणार, इतक्यात शरदचंद्र ताडकन उठले आणि ड्रॉवरमधून गोंदाची बाटली घेऊन आले. “आत्ता चिकटवून टाकतो!”

“काका, नको!” ईप्सिता ओरडली. मीसुद्धा ओरडले. पुन्हा कुणाला ऐकू आलं नाही, पण तिचा आवाज दोघींना पुरला. तिनं पान अलगद उचललं आणि मेयरच्या नावाशेजारी, त्याच्या जागेवर नुसतं ठेवलं. “बॉनच्या ग्रंथालयात जुनी पुस्तकं सांधणारी माणसं आहेत. ती शिवतील. ही तिथेच ठेवू या का, काका? उत्कर्षदादा आणि मैत्रेयीताई, दोघांच्या नावानं. बघायचं असलं की दोघांनी मिळून यायचं.”

“दोघांनी मिळून,” शरदचंद्र म्हणाले. “हे लिहून घे.”

मग त्यांनी फोन हातात घेतला, खाली ठेवला, पुन्हा घेतला. काकू म्हणाल्या, “अहो, लावा की. सणाचा दिवस आहे.”

पडद्यावर मिरजेचा एक पांढऱ्या मिशांचा माणूस दिसला. “कोण, दादा? काय रे, बरं आहे ना सगळं?” तोही घाबरला होता. अवेळी फोन आला की माणसं आधी वाईटच धरतात.

“सगळं बरं आहे. आत्मा, त्या अल्बमची काळी पानं आहेत का रे तुझ्याकडे?”

“आहेत की ट्रंकेत. नुसती नावं. चेहरे तुझ्याकडे.”

तो उठला आणि पानं घेऊन आला. शरदचंद्रांनी नऊवारीतल्या बाईचा फोटो उलटा करून कॅमेऱ्यासमोर धरला. पाठीला काळ्या कागदाचा आंब्याच्या कोयीएवढा तुकडा चिकटून आला होता. आत्मारामकाका एकेक पान उजेडात धरून बघू लागले. एका पानात अगदी तसंच भोक होतं. त्यांनी चष्मा पुसला आणि आईचं अक्षर वाचलं.

“‘अंबूआत्या. मांडीवर शरू.’ दादा, अरे, ते बाळ तू आहेस.”

शरदचंद्रांनी फोटो पुन्हा सरळ केला आणि बघतच राहिले. पलीकडे आत्मारामकाका म्हणत होते, “थांब, ठेवू नको फोन, अजून पानं आहेत.” कुणीच फोन ठेवला नाही. चकल्या मऊ पडल्या.

मित्रांनो, आता मी बॉनला निघाले आहे. तुमचं बघून झालं की ईप्सिता मला मऊ कागदात गुंडाळून खोक्यात घालेल. आगगाडीचा प्रवास या कल्पनेनंच माझ्या फळ्या कापताहेत. ग्रंथालयात मला नीट शिवतील का, सुई फार टोचेल का, शेजारचं पुस्तक कसं असेल, सगळ्याची भीती वाटते. पण माझी पानं एकत्र आहेत आणि प्रत्येकाला आपलं वर्ष माहीत आहे.

तुमच्या घरीही जुने फोटो असतील. आज आईजवळ नाहीतर काकांजवळ बसा, कोण कोण ते विचारा आणि मागे नावं लिहून ठेवा. मऊ पेन्सिलीनं, हळूच. शाई नको, मला तिची धास्ती वाटते. आणि जे एकच असेल त्याचे तुकडे करू नका. ते सगळ्यांचं असू द्या, म्हणजे बघायला सगळ्यांना यावं लागेल.