ठवणीवरची दुसरी पृथ्वी

मित्रांनो, देवळात पोथी ज्या फुलीसारख्या लाकडी घडीवर उघडून ठेवतात, तिला ठवणी म्हणतात. तशीच एक जुनी ठवणी तुमच्याशी बोलते आहे. निजामावरच्या पोलीस ॲक्शननंतर मुलूख शांत झाला, तेव्हा औरंगाबादच्या एका सुताराने मला सागाच्या एकाच फळीतून कोरले. कुठे खिळा नाही की सांधा नाही. पडेगावच्या मुंजाबांनी मला गावच्या देवळासाठी घेतले.

मुंजाबा मेंढरे राखत, आणि देवळात पोथीचे सूचक होते. आमच्याकडे एकाने ओवी वाचून थांबायचे आणि सूचकाने तिचा अर्थ सांगायचा. अर्थ झाल्यावाचून पुढची ओवी नाही, असा नेमच होता. पुढे मुंजाबांचा मुलगा सूर्यभान वाचायला बसू लागला. सप्ताहात कीर्तन माझ्या शेजारीच उभे राही. बुवा आख्यानाला लागले, की मागच्या बायका हळूहळू पुढे सरकत आणि मुंजाबांचे डोळे वाहू लागत. काय ते सुख, मित्रांनो!

मग देवळात नवे, नक्षीचे व्यासपीठ आले. मी मुंजाबांच्या घरी माळ्यावर लोकरीच्या गाठोड्याखाली जाऊन पडले. अंगावर धूळ साचली. सूर्यभान शाळामास्तर झाला आणि कादंबऱ्या लिहू लागला, त्याही अजून न उगवलेल्या काळाच्या. पृथ्वीवरचा चारा संपतो आणि धनगर मेंढरे घेऊन ताऱ्यांपलीकडच्या दुसऱ्या पृथ्वीवर चारायला जातात, अशी त्याची गोष्ट होती. एका प्रकाशकांनी ती परत पाठवली. दुसऱ्यांनीही पाठवली. कल्पना चांगली आहे, पण काही उमगत नाही, असे दोघांचेही म्हणणे.

एके सकाळी सूर्यभान कागदांचा गठ्ठा घेऊन चुलीपाशी आला.

"काय करतो रं?" त्याच्या आईने, म्हाळसाबाईने, विचारले.

"जाळतो. लई झालं लिहिणं. कुणाला कळत नाय."

"कुणाला म्हंजी? आमाला कुठं वाचून दाखवलं?"

"तुमाला काय कळणार, माय! त्यात यानं, ग्रह..."

"व्हय बाबा, आमी अडाणी. बुवा वैकुंठ सांगतात, ते बी आमी पाहून आलो नाय. पण कळतं!"

म्हाळसाबाईने मला खाली काढून पदराने पुसले आणि गठ्ठा माझ्यावर ठेवला. मुंजाबा सवयीने समोर मांडी घालून बसले. शेजारच्या सारजाबाईही आल्या.

'यानाने भ्रमणकक्षा सोडली.' सूर्यभानने वाचले आणि जुन्या वळणाने थांबला.

"म्हंजी," मुंजाबा बायकांकडे वळून म्हणाले, "घाण्याभोवती फिरणारा बैल जू टाकून रानात निघाला. वाच पुढं."

"अन् मेंढरं कुठं बसली त्यात?" सारजाबाईंनी विचारले.

सूर्यभानला हसू आले. त्याने पुढचे वाचले. 'काळाच्या वक्रतेत अस्तित्वाचे परिमाण विरघळले.' तो थांबला. मुंजाबांनी डोके खाजवले.

"सूर्या, हितं अर्थ लागंना. तूच सांग."

त्याने ते वाक्य पुन्हा वाचले. मग हळूच म्हणाला, "आबा, मला बी नाय लागत."

"मग लिहिलं कशापायी? मेंढरं उपाशी तिकडं!" सारजाबाई म्हणाल्या, आणि घर हसून हसून बेजार झाले.

त्या दिवशी चूल नुसत्या काटक्यांवर पेटली. सूर्यभानने पेन्सिल मागितली. रोज संध्याकाळी वाचायचे, अर्थ अडला की तिथे खूण करायची आणि पुन्हा लिहायचे, असा क्रम लागला. पुढच्या वर्षी ते पुस्तक छापून आले. त्यामागून कितीतरी आली. कन्नड, लासूर स्टेशन, कुठकुठल्या गावांची मुले त्याला भेटायला येऊ लागली. प्रत्येक पुस्तक आधी माझ्या अंगावर वाचले गेले. मुंजाबा देवाघरी गेल्यावर सूचकाच्या जागी सारजाबाई बसल्या. त्या अर्थ सांगत नसत, सरळ भांडत. सूर्यभानला तेही पुरे.

मित्रांनो, तुमच्या माळ्यावर माझी एखादी बहीण धूळ खात असेल, तर तिला खाली काढा, तेलाचा हात फिरवा. तिच्यावर पोथी ठेवा. तुम्ही स्वतः काही वेडेवाकडे लिहिले असेल, तर तेही ठेवा, लाजू नका. मात्र समोर कुणाला तरी बसवा आणि थांबत थांबत वाचा. तो माणूस "मग पुढं?" म्हणाला, की पांडुरंग पावला असे समजा.