मला नुसता दंड म्हणू नका

मी ‘अमर्समेंट’ हा इंग्रजी शब्द बोलतोय. कायद्याच्या जुन्या कोशांत मी अजून सापडतो, पण पुढे ‘दंड’ एवढंच लिहून माझी बोळवण केलेली असते. ते मला मान्य नाही.

माझा जन्म फ्रेंच बोलणाऱ्या सरदारांच्या तोंडी झाला. ‘आ मर्सी’, म्हणजे दयेवर सोडलेला. त्यांच्यामागोमाग समुद्र ओलांडून मी इंग्लंडात आलो आणि खेड्यापाड्यांतल्या न्यायसभांत राबलो. गुन्हा शाबीत झाला की कारकून लिही, ‘हा दयेवर.’ मग त्यानं जहागीरदाराला पैसे भरून सुटायचं. मी काही संत नव्हतो. माझ्या नावावर पुष्कळ जहागीरदारांनी खिसे भरले. पण रिवाज असा, की आकडा गावातल्याच दोघांनी शपथ घेऊन, ऐपत बघून ठरवायचा. सरदारांनी राजाकडून लिहून घेतलेल्या सनदेतही हे होतंच: व्यापाऱ्याचा माल आणि शेतकऱ्याची औतं सोडून उरेल त्यातूनच घ्या.

एकदा हॉवीस नावाची विधवा सभेपुढे आली. घरी बिअर करून विकायची. तिचं माप लहान निघालं होतं.

“होय, निघालं. नाही कुठं म्हणतेय?” ती म्हणाली.

“चाळीस पेनी,” जहागिरीचा कारभारी गरजला. “नसतील तर तांब्याची कढई उचला.”

कढई गेली की तिचा धंदा संपला. पण बाई हटली नाही. “आकडा तुम्ही नाही सांगायचा, साहेब. ऑस्बर्टदादा सांगतील.”

सभा खो खो हसली. शपथ घेतलेल्या दोघांपैकी ऑस्बर्ट लोहाराला तिनं आठवड्यापूर्वीच चारचौघांत पळीनं बडवलं होतं.

“घे लेका उट्टं!” मागून कोणी ओरडलं.

“घेतलं असतं रे,” ऑस्बर्ट म्हणाला. “पण शपथ घेऊन बसलोय. दोन पेनी.”

कारभारी लाल झाला. “सनदेत औतं आहेत. कढई कुठं आहे?”

“शेतकऱ्याला औत, तशी हिला कढई. आणि साहेब, कढईच नेलीत तर पुढच्या वर्षी वसूल कुणाकडून करणार?”

दुसरा शपथकरी विल्किन, अख्ख्या गावात सगळ्यात मुखदुर्बळ. तोही उठला. “दोनच.”

कारभाऱ्यानं टेबलावर मूठ आपटली. कारकुनानं मात्र दोनच लिहिले.

“पुन्हा माप मारलंस तर चार लावीन,” ऑस्बर्टनं दटावलं.

“लावा. उधारी मात्र मिळायची नाही,” म्हणत हॉवीस निघून गेली.

आता तुमच्याकडे दंडाचे छापील तक्ते असतात. बंगलेवाल्याला आणि त्याच्या मोलकरणीला एकच आकडा, आणि तो ठरवणाऱ्यानं दोघांचं तोंडही पाहिलेलं नसतं. करा खुशाल वसूल. पण त्या पावतीवर माझं नाव घालाल तर खबरदार! आकडा ठरवणाऱ्याला आधी माणसांत आणून उभा करा, शपथ द्या, समोरच्याचं पोट कशावर चालतं ते त्याच्या तोंडून वदवा. मग मारा मला हाक.