सात डोकी

गोव्यातल्या नार्व्याच्या जयरामला पाण्याची भीती वाटते, असं सांगितलं की लोक हसतात. अहो, हसणारच! मागच्या दारातून चार पावलं टाकली की नदी, आणि हा बाप्या जन्मात कधी गुडघ्याच्या वर पाण्यात उतरला नाही. फेरीबोटीतून दिवाडीला जायचं झालं तर मधल्या कठड्याला दोन्ही हातांनी धरून, डोळे मिटून, सप्तकोटेश्वराचं नाव घेत उभा राहायचा. तीस वर्षं सरकारी बसवर कंडक्टर होता. उतारावर ब्रेक लागेनासा झाला तेव्हासुद्धा हा गडी प्रवाशांना धीर देत होता. पण पाणी म्हटलं की पोटात गोळा.

असा माणूस जानेवारीतल्या एका सकाळी केरीच्या धक्क्यावर, अंगात केशरी लाइफ जॅकेट चढवून, देवमासा बघायला उभा होता. कोणासाठी? तर लेकीसाठी. लेकीपुढे कोणाचं चाललंय!

सेजल त्याची एकुलती एक. समुद्रातल्या प्राण्यांचं शिकली, दोन वर्षं दुसऱ्यांच्या होड्यांवर माहिती सांगत फिरली, आणि आज पहिल्यांदा स्वतःच्या जबाबदारीवर माणसं घेऊन निघाली होती. आदल्या दिवशी एकाने ऐनवेळी नाही म्हटलं. सहा माणसं भरल्याशिवाय तांडेल शिवदास होडी सोडत नाही.

"बाबा, तू नुसतो बसान ऱ्हव. दुसरा काय करू नको," ती म्हणाली.

"माका पोहूक येत नाय गो."

"कोणाक पोहूचा नाय. बसूचा आसा."

झालं. जयराम हो म्हणाला, आणि सकाळी उंडो-भाजी तशीच ताटात टाकून निघाला.

बाकीचे पाच जण धक्क्यावर आलेच होते. बेळगावकडचे मारुती आणि अनुसया, त्यांचा मुलगा किरण, जो डिचोलीच्या एका कारखान्यात कामाला आहे, आणि नवी सून सोनम. हे चौघं एकाच डब्यातून चकल्या खात होते. पाचवा पार्स्याचा परेश, पतपेढीत कारकून. एकटा आलेला, गळ्यात मोठा कॅमेरा, बोलणं जेवढ्यास तेवढं. सेजलने सगळ्यांचे पट्टे आवळून दिले, जॅकेटला बांधलेली शिटी दाखवली. "पाण्यात पडलात तर ओरडू नका, ही फुंका." किरणने लगेच फुंकून बघितली आणि सोनम खिदळली.

मग सेजल बापाजवळ आली आणि हळूच म्हणाली, "देवमासो दिसलो नाय तरी चलात, बाबा. जितकी माणसा नेतंय तितकी परत हाडूक व्हयी. माका तितकीच भीती."

ही गोष्ट मात्र जयरामला देवमाशापेक्षा चांगली कळत होती. पूर्वी एकदा वास्कोहून येताना वाटेत गाडी थांबली होती. एक म्हातारी उतरली, आणि ती चढायच्या आधी ह्याने गाडी सोडायची घंटी मारली. म्हातारी तीन तास भर उन्हात उभी. तिच्या घरच्यांनी डेपोत येऊन ह्याचे वाभाडे काढले ते वेगळंच, पण ते तीन तास ह्याच्या मनातून कधी गेले नाहीत. तेव्हापासून गाडी हलायच्या आधी आणि हलल्यावर, दोनदा डोकी मोजायची. कंडक्टर मोजतो तो दुसऱ्यांना. स्वतःला तो मोजणीत धरत नाही, ड्रायव्हरला मात्र हा धरायचा. होडीत चढल्यावर सवयीने त्याने मोजलं. बेळगावचे चार, कॅमेरावाला एक, सेजल, शिवदास. सात.

होडी नदीच्या मुखातून बाहेर पडली तशी जयरामने छपराची लोखंडी नळी धरली, ती काही सोडली नाही. समुद्र शांत होता, पण धुकं असं की मागे तेरेखोलचा डोंगर दिसेना की पुढचं काही दिसेना. होडी ती केवढी! पुढे चाकावर शिवदास, त्याच्या बाजूला सेजल, मध्ये छपराखाली बाकं, मागे इंजिन. परेशला छपराची अडचण होत होती म्हणून तो मागच्या बाकाजवळ उघड्यावर उभा राहिला.

"बसा हं," सेजलने दोनदा सांगितलं. दोन्ही वेळा तो बसला आणि दोन्ही वेळा पुन्हा उठला.

तासभर काही दिसलं नाही. मारुतीने चकली पुढे केली, जयरामने मानेनेच नको म्हटलं. खाली किती पाणी असेल ह्याचा विचार करायचा नाही असं त्याने ठरवलं होतं आणि तो दुसरा कसलाच विचार करत नव्हता.

मग वास आला. कुजलेल्या कोळंबीचा, नाक धरायला लावणारा वास. सेजलने शिवदासच्या खांद्यावर हात ठेवला. इंजिन बंद झालं.

"फूऽऽस!"

उजवीकडे, अगदी हाताशी म्हणावं तिथे, काळी पाठ वर आली. येतच राहिली. जयरामच्या बसपेक्षा लांब होती ती. सोनमने किंकाळी फोडली, किरण "बाप रे, बाप रे" करत राहिला, अनुसयाबाईंनी हात जोडले. पाठ खाली गेली आणि होडीच्या दिशेने वळली. "खालून जातोय! धरून बसा!" सेजल ओरडली.

जयरामने खाली पाहिलं. हिरव्या पाण्यात होडीच्या खालून काहीतरी काळोखं सरकत होतं आणि ते संपत नव्हतं. त्याने डोळे गच्च मिटले. होडी एका अंगाला उचलली गेली, आपटली, तोंडावर खारं पाणी आलं. देवा म्हाराजा, आता राखण तुझी! शिवदासने पन्नास पावसाळे दर्यावर काढलेले, पण आपल्या तळाखालून देवमासा जाताना त्याने कधी पाहिला नव्हता. त्याचंही काळीज माणसाचंच. त्याने इंजिन सुरू केलं आणि एकदम पूर्ण वेग दिला. होडी हिसका देऊन पळत सुटली.

बऱ्याच वेळाने जयरामने डोळे उघडले. सगळे पुढे तोंड करून, मिळेल ते धरून बसलेले. भीती ओसरायला लागली की माणूस हसतो, तसे किरण-सोनम रडत-हसत होते. जयरामची नजर आपोआप फिरली. एक, दोन, तीन, चार. सेजल पाच. शिवदास सहा.

सहा.

पुन्हा मोजलं. सहा.

"सेजल," तो ओरडला. इंजिनाच्या आवाजात कोणाला ऐकू गेलं नाही. "सेजल! एक मनीस कमी आसा! सात व्हये, सहाच आसत!"

मारुती मोठ्याने हसला. "अहो पावणं, स्वतःला मोजलंच न्हाईसा! आम्ही चौघं, ही ताई, तांडेल, अन् तुम्ही. झालं की सात! घाबरलासा म्हणून गणित चुकलं." सगळे हसले. पाहुण्यांसमोर बापाची फजिती झाली म्हणून सेजलचा चेहरा लाल झाला.

"बाबा, वगी बस मरे. काय झाला नाय," ती मागे न बघताच म्हणाली.

सात. खरंच की, सात झाले. आपण भित्रे, डोळे मिटून बसलेले, आपलं काय खरं? होडी धावत होती. त्याने तोंडावरचं पाणी पुसलं. पण हिशोब काही जुळेना. तीस वर्षांत त्याने स्वतःला एकदाही मोजलं नव्हतं. निघताना सात झाले ते ह्याला सोडून झाले होते. मग आज ह्याला धरून सात कसे? कोण नाही, ते भेदरलेल्या डोक्याला आठवेना. कंडक्टर डोकी मोजतो, चेहरे मोजत नाही. आणि इथे एकेका श्वासागणिक होडी लांब चालली होती.

त्याने खिशातून दहाचं नाणं काढलं आणि छपराच्या नळीवर सारी ताकद लावून हाणलं.

टण्ण!

एक घंटी. एका घंटीला गाडी थांबवायची, हे बसने कधी फिरलेल्या कोणालाही सांगावं लागत नाही. वेगाचा दांडा धरलेला शिवदासचा हात आपोआप मागे आला. इंजिन मंदावलं. त्या शांततेत मागच्या बाकाखालून काहीतरी गडगडत आलं. पाण्याची बाटली होती. बाकावर परेशची पिशवी तशीच पडून होती.

"तो खंय गेलो?" जयराम म्हणाला. "कॅमेरावालो खंय गेलो?"

आता मात्र कोणी हसलं नाही. सेजलचे ओठ पांढरे पडले. मागचं बाक, पिशवी, बापाचं तोंड, असं तिने नुसतं पाहिलं. मग ती ओरडली. "काका, परतवा! आपल्याच फेसावरून चला, सावकाश!"

पाण्यावर होडीचा पांढरा पट्टा अजून होता. त्यावरून ते परत निघाले. दोन मिनिटं आले असतील की पाच, कोणालाच सांगता येईना. पुढे पट्टा विरत गेला आणि एका जागी संपला. चारी बाजूंना नुसतं धुकं आणि सारखं पाणी. सेजलने इंजिन बंद करायला सांगितलं. "ऐका सगळ्यांनी. कोणी बोलू नका."

इंजिन बंद पडलं आणि जयरामला मघापेक्षा जास्त भीती वाटली. खाली ते जनावर असणार. अनुसयाबाईंनी सुनेचं मनगट आवळून धरलं होतं.

"फूऽऽस."

"ऐका, कॅमेरावालाच तो!" किरण म्हणाला. पण तो माणसाचा श्वास नव्हता, देवमाशाचा होता. डावीकडे कुठेतरी, फार लांब नाही. पुन्हा तो वास आला. शिवदास हलक्या आवाजात म्हणाला, "जयरामबाब, आता काय करूया?"

"वगी ऱ्हव," जयराम म्हणाला. "ऐक."

मग ऐकू आली. बारीक, तुटक, पोराने फुंकावी तशी शिटी. एकदा. परत एकदा. उजवीकडून.

परेश सापडला तेव्हा जॅकेट कानापर्यंत वर सरकलेलं, ओठ निळे, शिटी दातांत घट्ट. शिवदासने होडी आडवी लावली. परेश आला तो जयरामच्याच बाजूला. जयरामने नळी सोडली. कशी सोडली ते त्याला नंतरही सांगता आलं नाही. पाण्यावर अर्धा ओणवा झाला आणि दोन्ही हातांनी जॅकेटची कॉलर धरली. तोंडाखाली ते हिरवं, तळ नसलेलं पाणी होतं. डोळे मिटावेसे वाटत होते, पण त्याने मिटले नाहीत. मागून किरणने त्याची कंबर धरली, मारुतीने हात दिला, आणि परेश होडीत येऊन पडला.

बराच वेळ त्याचे दात वाजत होते. मग तो म्हणाला, "मी शिटी फुंकत होतंय. होडी जाताना दिसत होती. कोणी मागे वळून बघूक नाय." मारुतीने आपली शाल त्याच्या अंगावर घातली आणि मान खाली घातली.

केरीच्या धक्क्यावर जयराम सगळ्यांत शेवटी थांबला. एकेक जण उतरताना तो मोजत राहिला. पाच, सहा, शिवदास सात. मग स्वतः उतरला आणि धक्क्यावरच फतकल मारून बसला.

सेजल त्याच्यासमोर उकिडवी बसली. ती रडत होती आणि ते लपवतही नव्हती. "बाबा, तू स्वतःक कधीच मोजणस नाय?"

"कंडक्टर मोजणीत येणा नाय गो."

"मगे आज तूच पडलो असतंस तर?"

पेंगत्या प्रवाशांचीसुद्धा जयरामने तीस वर्षं मोजदाद ठेवली, आणि हा प्रश्न त्याच्या डोक्यात कधी आला नव्हता. आता आला, आणि ते पाणी पुन्हा डोळ्यांसमोर उभं राहिलं. ह्या वेळी त्या पाण्यात तो स्वतः होता, आणि धुक्यात लांब जाणारी होडी दिसली. होडीत सातच्या सात डोकी होती, मोजणी बरोबर होती आणि कोणी मागे बघत नव्हतं.

सेजलने त्याच्या ओल्या सदऱ्यावर, छातीशी बोट टेकवलं.

"आठ," ती म्हणाली.