साहेबांचं राखीव मैदान

प्रभाकर सर उभ्या आयुष्यात एकदाच खोटं बोलले, आणि तेही माइकवर.

डोंबिवलीशेजारच्या कोपरला खाडीच्या अंगाला एक मैदान आहे. गवत कमी, खडे जास्त. पण शाळेतून निवृत्त झाल्यापासून सर तिथे रोज संध्याकाळी पोरापोरींना फुटबॉल शिकवत. त्या जागेवर माजी नगरसेवक जयेशदादांचा डोळा होता. त्यांना तिथे 'बहुउद्देशीय भवन' उठवायचं होतं, आणि बहुउद्देशीय म्हटलं की पहिला उद्देश लग्नाचा हॉल असतो, हे डोंबिवलीत शेंबड्या पोरालाही कळतं. सरांनी अर्ज केले, खेटे घातले, चपला झिजवल्या. ढिम्म काही हललं नाही.

मग सरांना कळलं, की बॅरी ऑल्डक्रॉफ्ट ठाण्यात आलाय, घोडबंदरच्या एका टॉवरमधल्या टर्फची फीत कापायला. हा इंग्लंडमधला माजी फुटबॉल फॉरवर्ड. तुम्ही नाव ऐकलं नसेल. इंग्लंडातही फारसं कोणी ऐकलेलं नाही. एकोणीस वर्षांत चौदा क्लब, त्यातली निम्मी वर्षं राखीव खेळाडूंच्या बाकावर. गाजलेला गोल एकच, तोही शेवटच्या मिनिटाला हेडरने स्वतःच्याच जाळ्यात. त्यापायी अख्खा क्लब खालच्या डिव्हिजनमध्ये गेला. पण सर स्वतः कळव्याच्या एका कंपनीच्या टीममध्ये अकरा वर्षं बाक गरम करून आलेले. त्यांना या माणसाबद्दल भारी जिव्हाळा होता.

"दादा, गोरा फुटबॉलपटू आपल्या कोपरला आणला तर?" सरांनी सुचवलं. साहेब पोरांबरोबर खेळेल, पेपरात फोटो येईल, मग तिथे खड्डा खणायची कोणाची छाती होईल, असा त्यांचा भोळा बेत होता.

"आणू ना मास्तर! गोल किती आहेत त्याचे?"

"एकसष्ट."

"बॅनरवर सहाशे दहा लिहा. कोण जातंय तिकडे चेक करायला?"

सत्काराचा दिवस उजाडला. स्टेज बरोब्बर मैदानाच्या मधोमध. मंडपाचे खांब गोलच्या तोंडाशी रोवलेले. साहेबांच्या बुटांना धूळ लागू नये म्हणून उरलेल्या जागेवर लाल गालिचा. मुलींच्या टीमची कॅप्टन रुचिता जर्सी घालून आली, तर कोणीतरी तिच्या हातात ओवाळणीचं ताट दिलं. एप्रिलच्या उन्हात साहेबांच्या अंगावर एकूण सव्वीस शाली पडल्या. फेट्याखाली त्यांचं तोंड उकडलेल्या बिटासारखं झालं. अकरा भाषणं झाली आणि अकराही वक्त्यांनी उदाहरणं क्रिकेटची दिली. चेंडू अजून कोणाच्या दृष्टीस पडला नव्हता.

शेवटी जयेशदादा उठले. साहेबांच्या शुभहस्ते आज याच जागी भूमिपूजन! भवनाला नावही साहेबांचंच! नारळ तयार होता, कुदळीला हळदकुंकू लागलेलं होतं. या माणसाला आपणच हौसेने बोलावून आणलं, या विचाराने सरांना रडू फुटायचं बाकी राहिलं.

त्याआधी साहेबांचे दोन शब्द. दुभाषे अर्थातच प्रभाकर सर. बॅरी इंग्रजीत म्हणाला, की तुम्ही सगळे फार प्रेमळ आहात, ऊन फार आहे, आणि इथे बाथरूम कुठे आहे?

सरांनी माइक घेतला.

"साहेब म्हणतात," सर म्हणाले, "असं मैदान मी जगात कुठे पाहिलं नाही. पुढच्या वर्षी याच तारखेला मी इथे खेळायला येणार. पण या मैदानाला कुदळ लागली, तर मी कोपरला पाऊल ठेवणार नाही."

टाळ्या थांबेनात. बॅरीने बाथरूमच्या आशेने सगळ्यांना हात जोडले, तसा टाळ्यांना आणखी जोर चढला. जयेशदादांनी क्षणभर सरांकडे रोखून पाहिलं. पण दादा मुरलेले. समोर दोन हजार मतं टाळ्या पिटत होती. त्यांनी कुदळ बाजूला सारली.

"दादाचा शब्द आहे! या मैदानाला कोण हात लावणार नाय!"

सर पेढे घेऊनच घरी गेले.

आठवड्याभरात मैदानाभोवती आठ फुटी जाळी लागली. गेटला कुलूप, कुलपाशी वॉचमन, आणि वर दादांच्या हसऱ्या फोटोसकट बोर्ड: 'आंतरराष्ट्रीय मैदान. साहेबांसाठी राखीव. आत खेळण्यास सक्त मनाई.' दादा शब्दाला जागले होते. मैदानाला आता कोणाचा हात लागत नव्हता, आणि पायही.

सर जाळीला धरून उभे राहिले. बॅरीचा तो गाजलेला हेडर त्यांना आठवला. इतकी वर्षं बाकावर बसून आयुष्यात एकदा चेंडू आपल्याकडे आला, आणि आपणही तो नेमका आपल्याच जाळ्यात मारला.

"सर, पुढच्या वर्षी साहेब नाही आला तर?" मागून रुचिताने विचारलं.

"तर भवन बांधतील."

"आणि आला तर?"

"तर स्टेज."

रुचिताने पाठीवरची सॅक काढून रस्त्याच्या एका कडेला ठेवली, टीममधल्या दुसरीची ओढून घेऊन चार पावलांवर टाकली. गोल तयार झाला. पोरींनी चेंडू रस्त्यावर सोडला.

वळणावरून एक रिक्षा हॉर्न मारत आली. सर पुढे झाले, रस्त्याच्या मधोमध उभे राहिले आणि त्यांनी हात आडवा केला.

"थांब रे दोन मिनिटं," ते म्हणाले. "कॉर्नर आहे."