तोफेचं अंगण

तिला सगळे तोफ म्हणत, आणि तेही तोंडावर. मागून बोलायची सोय तिने कुणाला ठेवलीच नव्हती.

तिच्या लाँड्रीच्या मागचं अंगण म्हणजे तोफेचा जीव. तिथे धुण्याचे हौद, तिथेच कपडे वाळवायच्या तारा, तिथेच चुलीवर खळ रटरटायची. जमिनीच्या कागदावर नाव मात्र दुसऱ्याचं होतं. नवरा गेल्यावर लेकीला कडेवर घेऊन तिने तो उकिरडा उपसला, कुंपण घातलं आणि फाटकाला स्वतःचं कुलूप ठोकलं. आता लेकीच्या केसांत पांढरं डोकावू लागलं, तेव्हा कुठे मालकाच्या मुलाला वारलेल्या बापाची जमीन आठवली. त्याने दावा ठोकला आणि वर समजूत घालायलाही आला.

"काकू, भांडण कशाला? बाबांनी दयेपोटी तुम्हाला राहू दिलं, एवढं लिहून द्या. तुम्ही आहात तोवर खुशाल वापरा जागा."

"आणि मी गेल्यावर माझी लेक काय आभाळात कपडे वाळत घालणार?"

"बाबांचे उपकार तरी आठवा."

"उपकार? तुझ्या बापाला मी या फाटकाच्या आत पाऊल टाकू दिलं नाही. चालता हो!"

वकीलबाईंनी तिला कायदा फोड करून सांगितला. "मालकाच्या परवानगीने राहिलात, तर जन्म काढलात तरी जागा त्याचीच. त्याच्या नाकावर टिच्चून, उघड उघड राहिलात आणि त्याने मुदतीत दावा केला नाही, तर तुमची. याला प्रतिकूल कब्जा म्हणतात. म्हणून तुम्ही जुन्या मालकांशी भांडलात, हे पाहिलेलं माणूस हवं."

तोफेला हसूच फुटलं. उभा जन्म लोक सांगत आले, बाई, जरा तोंड आवर. आणि आता तोंड सोडल्याचा पुरावा मागतात! पण हसू टिकलं नाही. मालक हातोडा घेऊन कुलूप तोडायला यायचे आणि ती निळीची बादली त्यांच्यावर रिकामी करायची, हे पाहिलेले शेजारी कधीच गल्ली सोडून गेले होते. कोर्ट तिच्या एकटीच्या तोंडावर विश्वास कशाला ठेवेल?

मुलाने मात्र साक्षीदार आणला. त्याची आईच. म्हातारी काठी टेकत पिंजऱ्यात चढली.

"तुमचे पती या बाईंबद्दल घरी काय सांगायचे?" मुलाच्या वकिलाने विचारलं.

"म्हणायचे, बिचारी एकटी बाई आहे, मी राहू दिलंय तिला."

मुलाची कळी खुलली. तोफेने लेकीचा हात घट्ट धरला.

मग वकीलबाई उठल्या. "आजी, असं ते कधी म्हणायचे?"

"तिकडून परत आले की. जायचे हातोडा घेऊन आणि यायचे नखशिखांत निळे होऊन."

कोर्टात खसखस पिकली. "आई!" मुलगा ओरडला.

"ओरडू नकोस. शपथ मी घेतलीय, तू नाही." म्हातारीने काठी आपटली. "परवानगी दिलेल्या ठिकाणी माणूस हातोडा घेऊन जातो का रे? एका बाईने पिटाळलं हे सांगायची त्यांना लाज वाटायची, म्हणून दया केली म्हणायचे. सदऱ्यावरची ती दया मी धूत बसायचे. हात सोलून निघायचे माझे!"

तोफेने आयुष्यात पहिल्यांदा मान खाली घातली. त्या सदऱ्यांचं पुढे काय होतं, हा विचार तिच्या मनाला कधी शिवला नव्हता.

निकाल तिच्या बाजूने लागला. अंगण तिचं झालं, तिच्यामागे लेकीचं होणार होतं.

पुढच्याच आठवड्यात म्हातारी धुवायच्या कपड्यांचं गाठोडं घेऊन आली. फाटक सताड उघडं होतं, तरी ती बाहेरच थांबली.

"मुलगा बोलत नाही माझ्याशी," ती म्हणाली. "आत येऊ का?"

या जागेसाठी आजवर कुणी तोफेची परवानगी मागितली नव्हती. तिने पुढे होऊन गाठोडं घेतलं.

"या. आणि लेकाने विचारलं तर सांगा, मी येऊ दिलंय म्हणून."