वाचणारीचा वाटा

"थांब, थांब. परत वाच," काजवाली म्हणाली. "म्हणजे ती गेलीच नाही?"

रेडिओनं परत वाचलं. कादंबरीतला तो दवाखान्यात शेवटच्या घटका मोजत होता. कादंबरीतली ती, जिच्याशी त्याचं अठरा वर्षं चोरून चाललं होतं, घरी खिडकीत बसून राहिली. प्रकरण तिथंच संपत होतं. खाली अर्धं पान कोरं.

"गेली नाही," रेडिओ म्हणाली.

 शिवणखोलीत एकदम सगळ्या बोलायला लागल्या.

ही खोली एका मोठ्या हॉस्पिटलच्या तळमजल्यावर, लाँड्रीला लागून. फाटलेल्या चादरी आणि रुग्णांचे झगे इथं दुरुस्त होतात. दुपारी लाँड्रीतले मोठे ड्रायर सुरू झाले की शिलाईची मशीनं बंद ठेवावी लागतात, नाहीतर फ्यूज उडतो. तेवढा तासभर हातशिलाई: झग्यांची बटणं, नाड्या. नुसतं बटण लावून जीव आंबतो म्हणून फार पूर्वी कुणीतरी रीत पाडली. एकीनं वाचायचं, बाकीच्यांनी ऐकायचं, आणि वाचणारीच्या वाट्याचे झगे ऐकणाऱ्यांनी वाटून घ्यायचे. शेवटी ते झगे वाचणारीकडे जायचे, कारण प्रत्येक झग्याच्या गळ्याला आतून ज्या त्या बाईनं आपल्या खुणेचा टाका घालायचा असतो. बटण निघालं तर कुणाला बोलवायचं ते कळावं म्हणून. रेडिओची खूण म्हणजे फुली.

आवाज चांगला म्हणून तिला रेडिओ म्हणत. एकटी राहायची. सगळ्यांना वाटायचं, तिचं लग्न राहूनच गेलं.

काजवालीचं मत

काजवाली, म्हणजे काजांच्या मशीनवर बसणारी. तिला तीन मुलगे आणि एक नवरा, आणि चौघांचं मिळून एक डोकं, असं तीच सांगायची.

"अठरा वर्षं लोकाचा नवरा वापरला आणि आजारी पडल्यावर दिला परत. भाड्याची सायकल आहे काय? पंक्चर झाली, घ्या बाई तुमची तुम्ही!"

हशा पिकला. वहिनीही हसल्या. तोंडाला पदर लावून, थोड्याशाच, पण हसल्या. रेडिओनं पुस्तकात बोट घालून ठेवलं होतं, ते बोट तिला गरम लागायला लागलं.

वहिनी खोलीत सगळ्यात नव्या. हॉस्पिटलच्या भांडारात चादरींचा हिशेब ठेवणारे स्टोअरभाऊ मागच्या वर्षी वारले, आणि त्यांच्या जागी घरातल्या कुणाला तरी घ्यायचं म्हणून त्यांच्या बायकोला इथं घेतलं. स्टोअरभाऊंना सगळ्या भाऊ म्हणायच्या, म्हणून या वहिनी. पहिल्याच दिवशी त्यांनी विचारलं होतं, "वाचणाऱ्या ताईंचे झगे मी घेऊ का? मला वाचायचं फारसं जमत नाही. ऐकायला मिळतंय तर तेवढं तरी करू दे."

तेव्हापासून रेडिओच्या वाट्याचे सगळे झगे वहिनीच शिवत.

आणि स्टोअरभाऊंशी रेडिओचं अठरा वर्षांहूनही जास्त चाललं होतं. भांडाराच्या मागच्या खोलीत, गठ्ठ्यांच्या आड. हे जगात दोघांना माहीत होतं. आता एकीला.

ओव्हरलॉकचं मत

ओव्हरलॉक, म्हणजे कापडाच्या कडा शिवायच्या मशीनवरची, सगळ्यात लहान, नुकतंच लग्न ठरलेलं. तिचे डोळे भरून आले होते आणि तिला त्याचा रागही आला होता.

"मी इतके दिवस तिची बाजू घेत होते. म्हटलं, असू दे चोरून, पण प्रेम आहे. आता कळलं, कसलं प्रेम! वेळ जात नव्हता म्हणून चाललेलं. प्रेम असतं तर चालत गेली असती, लोकांनी थुंकलं असतं तरी."

हे मात्र रेडिओला लागलं. काजवालीच्या सायकलीपेक्षा कितीतरी आत लागलं.

मुकादमबाईंचं मत

"मला मत नाही," मुकादमबाई म्हणाल्या. "मी इथं काम बघायला आहे." दोन बटणं लावून झाल्यावर त्या पुढे म्हणाल्या, "पण मला विचाराल तर चूक त्याच्या बायकोची."

"तिची काय चूक?"

"अठरा वर्षं, बाई! नवरा घरी येतो, जेवतो, झोपतो, आणि हिला काही कळत नाही? एक तर ही मुलखाची बावळट, नाहीतर झोपेचं सोंग घेतलेलं. सोंगच. घर चाललंय ना, मग कशाला डोळे उघडा."

वहिनींची सुई कापडात अर्धी जाऊन थांबली. त्यांनी वर पाहिलं नाही. मान खाली, हात तसाच.

पुढे कितीतरी वेळा रेडिओनं स्वतःची समजूत घातली, की आपण जे केलं ते त्या थांबलेल्या सुईसाठी केलं. पण तसं नव्हतं. तिला ओव्हरलॉकला उत्तर द्यायचं होतं.

"थांबा," ती म्हणाली. "पुढे आहे."

कोऱ्या अर्ध्या पानावर

आणि रेडिओ वाचायला लागली.

"पण ती गेली होती. पहाटे, कामावर जाण्याआधी. हातात घड्या घातलेल्या चादरींचा गठ्ठा घेऊन, म्हणजे कुणी हटकलंच तर कामासाठी आलेय म्हणता यावं. दाराच्या काचेतून तिनं त्याला पाहिलं. नाकात नळी होती. त्याचा चेहरा तिला एकदम लहान वाटला. आत जायला तिचे पाय उचलले नाहीत. बाहेरच्या बाकावर त्याची बायको झोपली होती. उशाला त्याचा स्वेटर, मुठीत त्याचा चष्मा. चष्म्याची एक काडी निळ्या दोऱ्यानं बांधलेली. तो दोरा तिनंच गुंडाळून दिला होता, काडी तुटली तेव्हा. बायको थंडीनं गोळा झाली होती. तिनं गठ्ठ्यातली एक चादर काढली, बायकोच्या अंगावर घातली, पायांवरून नीट खोचली. मग ती आपल्या कामाला गेली. दिवसभर काम केलं. दुपारी निरोप आला तेव्हाही काम करत होती."

आवाज कुठंही अडखळला नाही. फक्त एक झालं. तिचे डोळे पानावर एकाच जागी होते, आणि पान उलटायचं ती विसरली.

ओव्हरलॉक हुंदके देत होती. काजवालीनं नाक ओढलं. "हां. आता बाई माणसात आली."

"चादर मधोमध फाटकी असणार," मुकादमबाई म्हणाल्या. "वॉर्डात चांगली असते कुठं." कुणी हसलं नाही. बाईंनी चष्मा काढून पदरानं पुसला.

वहिनींनी निळा दोरा दातानं तोडला. हॉस्पिटलचे झगे निळे, म्हणून दोराही निळाच. त्या सुईत उरलेल्या तुकड्याकडे बघत राहिल्या. मग पुढचं बटण घेतलं.

दुसऱ्या दिवशी

"ते पानच नाही!"

ओव्हरलॉक दारातूनच बोलत आली. ठरलेल्या नवऱ्याला तो भाग वाचून दाखवायचा म्हणून तिनं पुस्तक घरी नेलं होतं. "मी सगळं चाळलं. पुढे, मागे. ती खिडकीत बसते, मग एकदम पावसाळ्याचं वर्णन. आणि दुसरं म्हणजे, तिच्या हातात चादरी कशा येतील? ती तर शाळेत गाणं शिकवते!"

काल हे कुणाच्याच ध्यानात आलं नव्हतं. या खोलीत सगळ्यांच्याच हातात सदोदित चादरी.

"काय गं रेडिओ," काजवालीनं डोळे मिचकावले, "काल कुठलं स्टेशन लागलं होतं?"

रेडिओ बटणांच्या डब्यात हात घालून सारख्या मापाची बटणं निवडायला लागली.  काजवालीचं हसू हळूहळू विरत चाललं. मुकादमबाईंनी चष्मा वर केला. आता एखादी म्हणणार, तुला कसं गं सुचलं. आणि दुसरी म्हणणार, चष्म्याला निळा दोरा तर आपल्या भाऊंच्या होता. सगळ्यांनी पाहिला होता तो. रोज चादरी मोजताना.

"दुसऱ्या पुस्तकातलं असेल," वहिनी म्हणाल्या.

सगळ्या त्यांच्याकडे वळल्या.

"त्या दोन-दोन पुस्तकं एकदम वाचतात. मला म्हणाल्या होत्या, कधीकधी सरमिसळ होते. हो की नाही, ताई?"

"हो," रेडिओ म्हणाली.

"आणि चष्म्याचं मीच सांगितलं होतं त्यांना. यांच्या चष्म्याचं. तेही घुसलं मध्ये." वहिनींनी झग्यांचा गठ्ठा पुढे ओढला. "चला, ड्रायर सुरू झाले."

काजवालीनं सुस्कारा सोडला. "अरेरे! म्हणजे ही भवानी नाहीच गेली शेवटी. घेते मी माझे कालचे अश्रू परत."

हसणं झालं. वाचन झालं. रेडिओनं काय वाचलं ते तिला स्वतःला ऐकू आलं नाही.

नळाजवळ

सुटल्यावर हात धुवायच्या नळाशी दोघीच उरल्या. वहिनी बोटं चोळून चोळून धूत होत्या.

"वहिनी..."

"मला वहिनी म्हणू नका." पाणी वाहत राहिलं. "नाही, म्हणा. सगळ्यांसमोर म्हणत जा. एकाएकी थांबलात तर विचारतील."

"तुम्ही आज... मला..."

"मी तुमच्यासाठी नाही बोलले." आवाज चढलेला नव्हता. भाजीचा भाव सांगावा तसा होता. "इथं मला त्यांची बायको म्हणून घेतलंय. त्यांची बायको म्हणून सगळ्या खुर्ची पुढे करतात. दुसरं काय शिल्लक ठेवलंय तुम्ही दोघांनी?"

रेडिओनं खाली पडलेली साबणाची वडी उचलून जागेवर ठेवली. 

"ती चादर मी घरी नेली होती," वहिनी म्हणाल्या. "त्यांचे दिवस झाल्यावर धुतली, इस्त्री केली, परत द्यायला आले. वॉर्डात एकेका नर्सला विचारलं, बाई, तुम्ही का घातलीत माझ्या अंगावर? सगळ्या नाही म्हणाल्या. तरी मी प्रत्येकीचे हात धरून आभार मानले. म्हटलं, यांच्यातलीच कुणीतरी असेल, संकोचानं सांगत नसेल." त्यांनी नळ बंद केला. "पाय धरायचेच तेवढे बाकी राहिले होते."

"उद्यापासून माझे झगे मी शिवीन," रेडिओ कशीबशी म्हणाली. "घरी नेऊन शिवीन. तुम्ही नका..."

"का? मग मुकादमबाई म्हणतील, वहिनींचं काय बिनसलं?" वहिनींनी ओले हात झटकले. "वाटा मीच घेणार. तुम्ही वाचायचं. छापलंय तेवढंच."

वहिनींचं मत

निळ्या पुठ्ठ्याची ती कादंबरी पुढच्या आठवड्यात संपली. शेवटी ती म्हातारी होते, गाणं शिकवत राहते, आणि कुणालाच काही कळत नाही. रेडिओनं छापील अक्षरावरून बोट फिरवत, प्रत्येक ओळ संपल्याची खात्री करत वाचलं.

"काय गं तुझं हे," काजवाली म्हणाली. "पूर्वी कशी वाचायचीस. आता तार वाचावी तसं वाचतेस."

"घसा धरलाय," रेडिओ म्हणाली.

मग मतं झाली. काजवालीला शेवट फसवा वाटला. ओव्हरलॉकला रडू आलं नाही म्हणून तिला वाईट वाटलं. मुकादमबाईंनी मत नाही म्हणत म्हणत भरपूर दिलं.

"वहिनी, तुम्ही कधीच काही बोलत नाही," ओव्हरलॉक म्हणाली. "एकदा तरी सांगा ना. कशी वाटली?"

वहिनींनी शेवटच्या बटणाला गाठ मारली, दोरा तोडला. विचार केल्यासारखं केलं.

"जरा लांबली," त्या म्हणाल्या.

सगळ्या खो खो हसल्या. काजवाली तर मांडीवर थाप मारून. "वहिनी बोलत नाहीत, पण बोलल्या की बघा!"

वहिनींनी शिवून झालेले झगे रेडिओपुढे सरकवले. रिवाजाप्रमाणे रेडिओनं एकेक बटण ओढून पाहिलं. एकही हललं नाही. आता गळ्याला आतून आपली फुली घालायची. तिनं सुई घेतली, दोऱ्याचं टोक ओठात ओलं केलं. दोरा नेढ्यातून जाईना. पुन्हा ओलं केलं. पुन्हा नाही.

"अगं, किती वेळ तो एक दोरा?" मुकादमबाईंनी विचारलं. सगळ्या बघत होत्या.

वहिनींनी हात पुढे केला, तिच्या बोटांतली सुई काढून घेतली, एका फटक्यात दोरा ओवला आणि सुई परत दिली. रेडिओकडे न बघता. मग त्या आपल्या वाट्याच्या झग्यांकडे वळल्या.

रेडिओनं पहिला गळा उलटा केला आणि वहिनींनी शिवलेल्या झग्यावर आपली खूण घालायला घेतली.